बाबा नसलेली फिल्म

एकलहरे, नाशिक
१२ जानेवारी २०२५

चि. निकितास, आईचे अनेक आशीर्वाद.

फोनवर हे सांगणं जमत नाही, म्हणून लिहिते. कॉलेजसाठी करत होतीस ती आपल्या घरावरची फिल्म सोडून देणार म्हणालीस. वर्षभर दर सुटीला येऊन घरातलं रोजचं जगणं टिपलंस, आणि बाबा गेल्यावर पाहिलं तर त्यात ते कुठेच नाहीत. त्यांना तुझं हे काम आवडतच नव्हतं, असं तू मनाला लावून घेतलंस.

तसं नाही, बाळा. चूक माझी आहे. तू कॅमेरा लावलास की मीच त्यांना बजावायचे, अहो, पोरीचं शिक्षण आहे, मध्ये येऊ नका. वीज केंद्रातली पाळी करून आलेला माणूस मागच्या पायरीवर कप घेऊन बसून राहायचा. वर मलाच विचारायचे, मोहिनीबाई, तुमचं शूटिंग आटपलं असेल तर गरिबाला आत घेता का?

माझ्यावर राग धर, पण फिल्म टाकू नकोस. जेवणाची हेळसांड करू नकोस.

तुझी आई

पुणे
१९ जानेवारी

ती. आईस, निकिताचा शि. सा. नमस्कार.

दोन दिवस तुझा फोन घेतला नाही. राग आला होता, खोटं कशाला सांगू? मग सगळं पुन्हा पाहिलं. खराब म्हणून बाजूला टाकलेल्या भागात बाबा सापडले.

तू भाकरी थापते आहेस. ते पाणी प्यायला येतात, कॅमेरा दिसताच कमरेत वाकतात आणि थिएटरात पडद्यापुढून जावं तसे माठापर्यंत जातात. जेमतेम दहा सेकंद. नुसती पाठ. मागून तुझा आवाज, अजून वाका, डोकं दिसतंय. आणि मी हसते आहे. म्हणजे चूक तुझ्या एकटीची नव्हती.

एवढं घेऊन महिनाअखेर फिल्म पुरी करते. तुझा आवाज तेवढा काढून टाकते. लोकांनी तुला नावं ठेवलेली मला सोसणार नाहीत. चालेल ना?

तुझीच,
निकिता

एकलहरे
२५ जानेवारी

चि. निकितास आशीर्वाद.

तुझं पत्र चारदा वाचलं. आधी हसूच आलं. मग आठवलं, गेल्या पावसाळ्यापासून त्यांची कंबर धरली होती. खाली पडलेला रुमालही मी उचलून द्यायचे. अशा माणसाला मी अजून वाका म्हणाले, आणि ते वाकले.

माझा आवाज काढून टाकू नकोस. लोक नावं ठेवतील, ठेवू देत. एकतीस वर्षं मी त्यांच्याशी अशीच बोलत आले, आणि तेही ऐकत आले. माझा आवाज काढलास, तर त्या घरात त्यांच्याशी बोलणारं कुणीच नव्हतं असं वाटेल.

दुसरं काय लिहू? माया आहे तशी राहू दे.

तुझी आई