मुलीच्या बापाचं भाषण

राजलक्ष्मी,

हलवायाचं काम बघायला मी फूलबागेच्या हॉलवर पुढे गेलोय. आज रिसेप्शनला मुलीच्या बापाचं भाषण बळवंतरावांनाच करू दे. खरे वडील तेच. काल ते स्टेशनवरून आले, तेव्हा तन्वी अनवाणीच फाटकापर्यंत धावली. आपलं लग्न झालं तेव्हापासून मी तिचा काकाच आहे, आणि त्यात वाईट काही नाही. वाद घालू नकोस.

आठवडाभर बाथरूममध्ये नळ सोडून मी पाणी वाया घालवत नव्हतो, भाषण घोकत होतो. असो.

तिचा इन्हेलर पर्समध्ये टाक, ती विसरेल.

आणि तिने आपणहून मला हाक मारलीच, तर मी स्टेजजवळच, हलवायाच्या पडद्यामागे असेन. भाषण पाठ आहे.

जयसिंह