वीस आणि तीस यांच्या मधली जागा

माय, तुझा कुठल्याच कागदावर भरवसा नव्हता, आणि मी आज तुला कागदच लिहायला बसलो आहे. सत्तरचं दशक सरत आलं होतं. दिवाळीच्या सुट्टीत मी शहरातल्या कॉलेजातून गावी, रिठदला आलो, तो मोठ्या ऐटीत एक कागद घेऊन. कॉलेजात कॉम्प्युटर आला होता, आणि नवख्यांना जमेल अशी त्याची 'बेसिक' नावाची भाषा आम्हाला शिकवत होते. सर म्हणाले होते, घरचं एखादं काम घ्या आणि पहिला प्रोग्राम लिहा. मी आपली विहीर घेतली. विहीर एक, घरं तीन, आपलं आणि दोन काकांचं, रोज एका घराची पाळी, आणि गुरुवारी वीज नाही, म्हणजे मोटार बंद. गुरुवार ज्याच्या वाट्याला येईल त्याची पाळी बुडाली, शुक्रवार पुढच्या घराचा, असं ठरलेलं होतं. तरी दर आठवड्याला दोन्ही काकांशी तुझी हुज्जत व्हायचीच. मशीननं हंगामाची यादी छापून दिली की कटकट मिटेल, असं मला वाटलं.

तू भाकरी थापते आहेस. तुला अक्षरं येत नाहीत, पण आकडे ओळखतेस. पिठाचे हात लांब धरून तू कागदाकडे बघतेस.

"धा, ईस, तीस. मंधातले कुठी गेले?"

मी कौतुकानं सांगितलं, प्रोग्रामच्या ओळींना दहादहाच्या अंतरानं नंबर देतात, मधली जागा मुद्दाम सोडतात. काही विसरलं तर पंचवीस नंबर देऊन मागाहून घालता येतं. तुझा हात थांबला.

"मागून कोन घालते?"

"मीच घालीन, माय. दुसरं कोन?"

"तुह्या बापाचा आंगठा घेतला तवाबी कागदात अशीच जागा होती. मागून लिवलं, आन बांधापल्याडचं वावर गेलं. तुहे काकाबी असंच म्हनत होते, घरचेच त आहो आपुन."

मग तू चुलीतला विझलेला कोळसा घेतलास आणि प्रत्येक दोन ओळींच्या मध्ये रेघ ओढलीस. माझा पहिला प्रोग्राम काळा झाला. मी चिडलो. "तुले काई समजत नाई," म्हणालो आणि जेवलो नाही. तूही समजूत काढली नाहीस. "तू पोटचा हायेस, कागद नाई," एवढंच बोललीस.

परत गेल्यावर मी सगळं नव्या कागदावर उतरवलं. त्यात रेघा नव्हत्या. मशीनसमोर बसलो तेव्हा गेलेलं शेत डोक्यात होतं, काकांचा राग होता, आणि वीस व तीस यांच्या मध्ये जागा रिकामी होती. छापील यादी पाहून काका चूप बसले. मशीनशी कोण भांडणार. तू ती बराच वेळ हातात धरलीस. "मंधात काई घातलं त नाई ना रे?" मी "नाई" म्हणालो. "बरं," म्हणून तू ती खुंटीला अडकवलीस.

तू गेल्यावर, तुझ्या जलदानाच्या दिवशी धाकटी काकू माझ्याजवळ येऊन बसली. त्या हंगामात गुरुवारी आपली पाळी बुडाली की शुक्रवार तिचा असायला हवा होता, पण यादीत आपल्याच घराचा आकडा असायचा. "तुही माय दर खेपी दारात येऊन म्हने, आज तुमीच घ्या पानी, मले काम हाय. कायचं काम राहे तिले? वावराच्या धुऱ्यावर बसून पाहत राहे." एकही शुक्रवार तू घेतला नाहीस, आणि मला एका शब्दानं बोलली नाहीस. तुला खरंच काम असेल, अशी मी कितीतरी वर्षं स्वतःची समजूत घातली. ती पटली मात्र कधीच नाही, आणि तुझं ते "बरं" आठवलं की आजही मला लाज वाटते.

हे पत्र कुठं पोचणार नाही. पेटीत तुझा कोळशाचा कागद अजून आहे, त्याच्याखाली ठेवीन. शेवटी अर्धं पान कोरं उरलं आहे, त्यावर मी आता आडवी रेघ ओढतो. त्याआधी एवढंच, पंचवीस नंबरची ओळ मी घातली होती, माय.