मिळून हरायचा खेळ

६ नोव्हेंबर

ती. ताईस,
डोंगराच्या डोक्यावरून धाकट्याचा सा. न. (धुक्यामुळे दिसत नसेल, पण नीट वाकून केलाय.)

तुझा गुडघा बरा आहे हे वाचून बरं वाटलं. आता जिन्यांशी स्पर्धा नको. इथे धुकं उतरलंय. असं धुकं पडलं की रोपवे बंद ठेवावा लागतो आणि मी वरच्या स्टेशनात यंत्राजवळ नुसता बसून राहतो. दोर दारातून बाहेर जातो आणि थोड्या अंतरावर विरून जातो. पुढचे पाळणे आहेत की नाहीत, देव जाणे. कधी कधी वाटतं, स्टेशनच सुटलंय आणि आम्ही हळूहळू कुठेतरी निघालोय.

आम्ही म्हणजे चौघं. मी, बेकरीवाले दादा, शाळेतल्या नर्सबाई आणि पोस्टातला लंबू. धुक्याच्या दुपारी तिघंही हीटरच्या ओढीनं इथे येतात आणि आम्ही पटावरचे खेळ मांडतो. पण मागच्या खेपेला लंबूनं नर्सबाईंचं बेट बळकावलं, तेव्हापासून बाई त्याच्याशी फक्त तापाबिपाबद्दल बोलतात. म्हणून ठरलंय की आता असा खेळ हवा, ज्यात आम्ही सगळे एका बाजूला आणि समोर खेळ. जिंकलो तर सगळे, हरलो तर सगळे. शिवाय गोष्ट एका बैठकीत संपू नये, पुढच्या वेळी तिथूनच चालू व्हावी.

तू दर रविवारी वाचनालयातल्या खेळांच्या टेबलाशी असतेस, तुला यातलं कळतं. दुकानातल्या खोक्यांच्या किमती बघून आम्ही सगळ्यांनी खिशावर हात ठेवले, तेव्हा स्वस्तातला सुचव. आणि लांब. जितका लांब मिळेल तितका.

मायेत मात्र काटकसर नको,
तुझा धाकटा


१७ नोव्हेंबर

चि. धाकट्यास,
अ. उ. आ. आणि लांबून एक टपली.

गुडघा ठीक आहे, डोकं उठलंय. एका आजोबांची कवळी पुन्हा परत आलीय. दात सुरेख बसलेत, पण त्यांना पुढच्या दोन दातांत तरुणपणीची फट हवी आहे. फट घडवणं दात घडवण्याहून अवघड असतं, हे त्यांना कोण सांगणार!

आता तुमचा खेळ. खोक्याच्या आकाराला भुलू नकोस. निम्मं खोकं हवेनं भरलेलं असतं आणि उरलेलं प्लास्टिकच्या राक्षसांनी, पैसे त्यांचेच घेतात. काही खेळांत प्रकरण संपलं की पत्ते फाडायचे, पटावर स्टिकर चिकटवायचे. ते एकदा खेळून झाले की रद्दी. असले जुने घेऊन उपयोग नाही, कारण आधीच्या लोकांनी तुमची गोष्ट जगून टाकलेली असते. नियम वाचण्यातच दुपार जाईल असाही नको. नर्सबाई शाळा सुटल्यावर येणार, त्यांचा जीव किती खाल!

वाचनालयात जुने खेळ विकायला काढले होते, त्यात मला एक सापडला. एकच होडी, अनोळखी नदी, शेवटी समुद्र. प्रकरणं छोटी, एकेका दुपारी बसतील अशी. हरलात तर तेच प्रकरण पुन्हा. नकाशा पेन्सिलीनं काढत जायचा, पुसला की खेळ परत कोरा, म्हणजे पुढे कुणाला देताही येईल. मूळची होडी हरवली होती म्हणून अगदी किरकोळीत मिळाला. नवी होडी मी कवळीच्या हिरड्यांसाठी वापरते त्या गुलाबी मसाल्यातून ओतली आहे. बुडणार नाही आणि चावणारही नाही. पार्सल आजच टाकते.

पण एक सांग. लोक आधी चांगला खेळ मागतात, मग स्वस्त. तू लांब का मागितलास? कुणाला खुर्चीला बांधून ठेवायचंय?

उत्तराची वाट आणि तुझी आठवण, दोन्ही रोजचीच,
ताई


१२ डिसेंबर

ती. ताईस,
सा. न. आणि होडीसाठी चौघांकडून वेगळा.

गुलाबी होडी बघून लंबू पोट धरून हसला. आता तिला हिरडी म्हणतात. दादा सुकाणूवर, नर्सबाई ताऱ्यांवरून दिशा सांगतात, लंबू शिधा सांभाळतो आणि मी नाळेवर, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकावर, टेहळणीला. पुढच्या वळणावरचा पत्ता फक्त मी बघायचा आणि खडक आहे की वाट मोकळी, ते बाकीच्यांना सांगायचं. खिडकीबाहेर पांढरं, पटावर निळी नदी. तासाभरानं कुठलं खरं ते कळेनासं होतं. परवा दादांनी भट्टीच्या सवयीनं पटावर फुंकर मारली आणि शपथेवर सांगतो, मला वाटलं की होडी हलली.

नदी एका तळ्यात शिरते आणि तिथे वाट हरवते. त्या प्रकरणात आम्ही अडकलोय. हरतो, पुन्हा मांडतो, पुन्हा हरतो.

तू विचारलंस म्हणून सांगतो. दादांची मुलगी लांब समुद्राकाठच्या गावी असते. बेकरीच्या कामावरून दोघांचं बिनसलं आणि ती निघून गेली, त्याला वर्षं झाली. पत्र नाही, फोन नाही. या उन्हाळ्यात तिचा उजवा हात आजारानं लुळा पडला आणि तिनं स्वतःहून दादांना बोलावलं. दादांनी भट्टी विकलीसुद्धा. आम्हाला म्हणाले की तुमच्याबरोबर एक गोष्ट पुरी खेळेन आणि मग जाईन. म्हणून मी लांब मागितला.

आणि ताई, तळ्यात आम्ही हरतो ते माझ्यामुळे. मला पत्त्यावर खडक दिसतो आणि मी सांगतो, वाट मोकळी आहे. दादा गेले की या धुक्यात त्यांच्या खुर्चीकडे बघवणार नाही मला.

रागावलीस तरी लोभ कमी करू नकोस,
धाकटा


२० डिसेंबर

चि. धाकट्यास,
अ. आ. आज टपली नाही.

तुझं पत्र वाचलं आणि दिवसभर डाव्या हातानं काम करून पाहिलं. केस विंचरता आले नाहीत. बरणीचं झाकण निघेना. बुटाची नाडी तशीच सोडून दिली. इतक्या वर्षांच्या अबोल्यानंतर बोलावणं धाडायला त्या मुलीनं मनाची किती तयारी केली असेल, याचा विचार कर. ती रोज दाराकडे बघत असेल आणि तू तिथे खडक लपवतोयस.

तुला एकटं वाटतं, ते मला कळतं. मलाही तू डोंगरावर गेलास तेव्हा वाटलं होतं. पण म्हणून मी तुझी गाडी चुकू दिली नव्हती.

त्यांना सांगून टाक. सगळ्यांसमोर.

माया तीच, आवाज तेवढा चढलाय,
ताई


९ जानेवारी

ती. ताईस,
मान खाली घालून सा. न.

सांगितलं. पट मांडायच्या आधीच सांगितलं, नाहीतर धीर झाला नसता. हीटर तेवढा कुरकुरत होता. मग नर्सबाईंनी स्वेटरच्या बाहीतून एक पत्ता काढून टेबलावर ठेवला. ध्रुवतारा! म्हणाल्या की कितीतरी दुपारींपासून तो तिथेच आहे. लंबू खाकरला आणि म्हणाला, तो तळं आलं की शिधा गुपचूप पाण्यात टाकतो. आम्ही तिघं एकमेकांकडे बघायलाही तयार नव्हतो.

दादा मात्र हसायला लागले. खांदे हलेपर्यंत हसले. म्हणाले की मीच सुकाणू लव्हाळ्यात घालत होतो, तुम्हा कुणाला संशय कसा आला नाही याचंच मला नवल वाटायचं. लंबू वैतागून म्हणाला, मग हा खेळ इतका अवघड कुठे होता! त्यावर बाईसुद्धा हसल्या, आणि लगेच डोळ्यांना पदर लावला. मग दादा हळूच म्हणाले की त्यांना भीती वाटते. दार उघडल्यावर पहिलं वाक्य काय बोलायचं, ते त्यांना सुचत नाही.

त्यानंतर आम्ही सरळ खेळलो. तळं एका दुपारीच पार झालं. पुढची नदी रुंद आणि शांत होत गेली आणि मागच्या रविवारी शेवटच्या वळणाचा पत्ता उचलून मी सांगितलं की पुढे किनारा दिसत नाही, सगळं पाणीच आहे. टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत.

परवा ऊन पडलं. दादा एक ट्रंक घेऊन पाळण्यात बसले. मी रोपवे चालू केला, नेहमीच्याच वेगानं. हात काय सांगत होता ते मला माहीत, पण वेग नेहमीचाच ठेवला. तुझा पत्ता त्यांनी मागून घेतलाय.

जवळ घ्यावंस इतक्याच लोभाची मागणी,
धाकटा


३ फेब्रुवारी

ताईंना, न पाहिलेल्या माणसाचा सा. न. वि. वि.

वयानं मी मोठा, पण धाकट्याची ताई ती आम्हा सगळ्यांचीच, म्हणून हे संबोधन. धाकट्याला तुम्ही दटावलंत, असं त्यानं सांगितलं. त्यातलं निम्मं मला लागू होतं, ते मी घेतलं.

मुलीकडे पोचलो. गाडीत सगळा वेळ पहिलं वाक्य जुळवत होतो. तिनं दार उघडलं आणि म्हणाली, वारा आत येतोय, आत या. माझं वाक्य राहूनच गेलं. पुढे काही दिवस कामापुरतं बोललो. औषध, किल्ली, दूध. माझ्या हातांना रिकामं राहता येत नाही, म्हणून तिच्या जेवणाच्या टेबलावर पीठ मळत बसायचो. तिचा हात मांडीवर पडलेला असायचा. तिकडे मी बघायचो नाही आणि मी बघत नाही, हे तिला कळायचं.

एका दुपारी तिनं विचारलं की डोंगरावर त्या तिघांबरोबर इतके दिवस काय करत होतात. मी होडीचं सांगायला लागलो. मला काही गोष्ट सांगता येत नाही, पण नदी आपली आपणच पुढे जात होती. दुसऱ्या दिवशी तिनं विचारलं, कुठपर्यंत आलो होतो. त्या "आलो"वर मी पीठ मळायचा थांबलो. मग रोज दुपारी थोडं थोडं सांगत गेलो. खिडकीतून समुद्र दिसतो, पण ती पटावरच्या नदीतच असायची. लंबूवर चिडायची, नर्सबाईंची बाजू घ्यायची.

काल तळ्याचं प्रकरण आलं. मी मुद्दाम लव्हाळ्यात शिरत होतो, हे सांगितलं. तिनं कारण विचारलं. खोटं बोलायचं वय गेलं, म्हणून खरं ते सांगितलं की तुझ्या दाराची भीती वाटत होती.

ती म्हणाली की त्या दिवशी घंटा वाजली तेव्हा तीही दाराच्या आत उभीच होती, कडीवर डावा हात ठेवून, किती वेळ ते तिलाही सांगता येणार नाही. एवढं बोलून तिनं खुर्ची टेबलाजवळ ओढली, डावा हात माझ्यासमोरच्या पिठात घातला आणि म्हणाली, होडी अजून तळ्यातच आहे, पुढे सांगा.

हा लोभ आता या पत्त्यावरही वळवावा,
बेकरीवाला