कोरडं आहे, असं मीच म्हणालो होतो

मी, खाली सही करणारा, वय वर्षं चौऱ्याहत्तर, धंदा लाकडी जमिनी बसवण्याचा (सात वर्षांपूर्वी गुडघ्यांनी राजीनामा दिला तोवर), आज माझ्या राहत्या घरी, खिडकीजवळच्या खुर्चीत बसून, पूर्ण शुद्धीत आणि स्वतःच्या हाताने हे मृत्युपत्र लिहीत आहे. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. मुलगी दबाव टाकते, पण तो औषधांपुरता. माझी बुद्धी शाबूत असल्याचं डॉक्टरांनी तपासून लिहून दिलं आहे. त्यांनी मला शंभरातून सात-सात वजा करत जायला सांगितलं. मी दोनपर्यंत पोचलो, आणि वर त्यांच्या दवाखान्याच्या उंबऱ्यापाशी फळी का कुरकुरते तेही सांगून आलो.

यापूर्वी मी एक मृत्युपत्र केलेलं आहे. ते रद्द समजावं. त्यात एका माणसाचा उल्लेखच नव्हता.

कलम १. घर.

तळमजल्यावरच्या दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागची अंगणाएवढी नसलेली पण अंगण म्हणवून घेणारी जागा, हे सर्व माझ्या पश्चात मुलीला मिळावं. मुलाने वाईट वाटून घेऊ नये. त्याने स्वतःच्या घरात चकचकीत फरशी घातली तेव्हा बापाला विचारलं नव्हतं, आणि वर मला म्हणाला, "बाबा, पुसायला सोपी पडते." चाळीस वर्षं लोकांच्या घरात लाकूड घातलेल्या माणसाने हे ऐकून घेतलं. असो. त्याच्यासाठी कलम २ आहे.

मुलीने पुढच्या खोलीतली जमीन जपावी. बादलीभर पाणी ओतून ती कधीही धुऊ नये, पिळलेल्या फडक्याने पुसावी. भिंतीला लागून बोटभर फट मुद्दाम सोडलेली आहे, ती कोणा दीडशहाण्याचं ऐकून बुजवू नये. पावसाळी हवेत लाकूड फुगतं, त्याला हातपाय पसरायला जागा लागते. फळ्यांच्या खाली जाड प्लॅस्टिकचा कागद आहे, एक नव्हे, दोन थर. कागदावर कागद वीतभर चढवलेला, प्रत्येक सांधा चिकटपट्टीने बंद, आणि कडा भिंतीवर चार बोटं वर घेऊन भिंतीलगतच्या लाकडी पट्टीच्या मागे दाबलेल्या. खालच्या सिमेंटातली ओल वर लाकडात चढू नये म्हणून हा कागद असतो. ती ओल डोळ्याला दिसत नाही. सिमेंट वरून ठणठणीत दिसतं आणि आतून कित्येक महिने पाणी सोडत राहतं.

गावातले लोक म्हणतात, फळीवाल्यांसारखा, म्हणजे माझ्यासारखा, कागद कोणी अंथरत नाही. गिऱ्हाइकं माझं कौतुक करायची, एक थर पुरत असताना हा माणूस दोन टाकतो म्हणून. त्यांना ती हुशारी वाटायची. ती धास्ती होती. चोवीस वर्षांपूर्वीपर्यंत माझ्या कामातही एकच थर असायचा, आणि एकदा तर तोही नव्हता.

कलम २. बचत.

बँकेत जे असेल ते मुलगा आणि मुलगी यांनी सारखं वाटून घ्यावं. भांडू नये. भांडण्याइतकं ते नाहीच.

कलम ३. किरकोळ.

माझी खुर्ची इस्पितळात द्यावी, तिथल्या खुर्च्यांवर बसून माणूस जास्त आजारी पडतो. कपडे ज्याला होतील त्याला. कोपऱ्यावरच्या सुताराने माझा लांब रंधा नेला होता आणि पात्याला खाच पाडून परत केला. त्याला मी मोठ्या मनाने माफ करतो, असं लिहायला बसलो होतो, पण मनाची तयारी होईना. त्याला काही देऊ नये.

कलम ४. गाळा आणि हत्यारं.

बाजारामागच्या गल्लीतला माझा गाळा, त्यातली सर्व हत्यारं, करवती, रंधे, ठोकणी, ओल मोजायचं यंत्र आणि शिल्लक लाकूड, हे सर्व माझ्या पत्नीच्या धाकट्या भावाला, म्हणजे माझ्या मेहुण्याला मिळावं. माझ्या मुलांनी किंवा अन्य कोणी यावर हक्क सांगू नये. त्यांना हे वाचून आश्चर्य वाटेल, कारण या घरात चोवीस वर्षं मामाचं नाव निघालेलं नाही. म्हणून कारण लिहितो.

गाळा आम्ही दोघांनी मिळून घेतला होता. कागदावर नाव माझं एकट्याचं, कारण तेव्हा तोच म्हणाला, "भाऊजी, घरातल्या घरात दोन नावं कशाला?" धंद्याची आमची वाटणी सरळ होती. खालचं काम त्याचं, वरचं माझं. सिमेंटची पातळी बघणं, कागद अंथरणं, सांधे बंद करणं हे तो करायचा. फळ्या बसवणं, घासणं, तेल देणं हे मी. गिऱ्हाइकाला माझंच काम दिसायचं, त्यामुळे वाहवा माझी व्हायची. त्याने कधी कुरकुर केली नाही. कामात तो माझ्यापेक्षा सरस होता, हे मी आज पहिल्यांदा कुठेतरी लिहीत आहे.

आम्हाला शाळेच्या नव्या खेळघराचं काम मिळालं. आयुष्यातलं सगळ्यात मोठं काम. सिमेंट नुकतंच ओतलेलं होतं. अशा वेळी एक साधी परीक्षा असते. हातभर चौकोनी प्लॅस्टिकचा तुकडा जमिनीवर ठेवायचा, चारही कडा चिकटपट्टीने बंद करायच्या आणि तीन दिवस थांबायचं. उचलल्यावर खाली थेंब दिसले तर जमीन ओली. मग वाट बघायची, आणि जाड कागदाशिवाय फळीला हात लावायचा नाही.

मेहुण्याने तसा तुकडा लावला. तिसऱ्या दिवशी दुपारी तो लाकडाच्या वखारीत गेला होता. मुख्याध्यापिकाबाई दारात उभ्या होत्या. उद्घाटनाच्या पत्रिका छापून आल्या होत्या आणि त्यातली एक त्यांच्या हातात होती. जाड कागद व्यापाऱ्याकडे संपला होता, यायला अजून दहा दिवस होते. मी गुडघे टेकून तुकडा उचलला. खाली मोहरीएवढे थेंब होते, गच्च. सिमेंट काळं पडलं होतं.

माझी पाठ बाईंकडे होती. मी शर्टाच्या बाहीने थेंब पुसले आणि वर मूठभर धूळ चोळली.

मेहुणा आला आणि त्याने विचारलं, "काय निघालं?"

"कोरडं आहे."

"अगदी?"

"अगदी. कागद नको. फळ्यांखाली नुसता फोम टाक, चालून जाईल."

"मी अजून एकदा तुकडा लावून बघू का? हे सिमेंट नवीन आहे हो."

"तुझा माझ्यावर विश्वास नाही का?" मी म्हणालो. हे बोलल्यावर तो काय करणार होता? त्याने फोम टाकला.

उद्घाटन थाटात झालं. चार महिन्यांनी फळ्यांच्या कडा वर आल्या आणि मध्ये खळगे पडले, चेंडू कुठेही टाकला तरी तिरका पळायचा. सहाव्या महिन्यात मधली जमीन इतकी उचलली गेली की खाली हात जात होता. शाळेच्या मंडळींनी आम्हा दोघांना बोलावलं, आमच्यासमोर एक फळी उपटली. खालची बाजू काळी, बुरशीचा वास, आणि कागदाचा पत्ता नाही.

"खालचं काम कोणाचं?" बाईंनी विचारलं.

"याचं," मी म्हणालो.

मेहुणा माझ्याकडे बघून म्हणाला, "भाऊजी, तुम्हीच म्हणालात ना, कोरडं आहे?"

"मी?" मी म्हणालो. "मी तर तुला कागद टाकायला सांगितलं होतं."

त्याच्या तोंडचं पाणी पळालं. तो अजून काही बोलेल म्हणून मी तयारीत होतो. तो हत्यारांची पिशवी तिथेच ठेवून निघून गेला. गावात बोभाटा व्हायला किती वेळ लागतो? आठवड्याभरात त्याला कोणी उंबऱ्यापाशी उभं करेना. तेव्हापासून तो रंगाच्या दुकानात गल्ल्यामागे उभा राहून लोकांना रंगाचे डबे देतो. अख्खं खापर त्याच्या माथी फुटलं, आणि मी गाळ्यात एकटा मालक झालो.

हिने, म्हणजे माझ्या पत्नीने, मला एकदाच विचारलं. आम्ही जेवत होतो.

"माझा भाऊ खोटं बोलतोय का?"

"मी कुठे तसं म्हणतोय?"

"गोल गोल नको. तुम्ही सांगाल ते मी खरं मानीन. मी पुन्हा विचारणार नाही."

मी म्हणालो, "कागद टाकायला सांगितलं होतं मी."

ती ताटावरून उठली. पुढे तो दारात आला तेव्हा तिने आतूनच सांगितलं, "आधी यांची माफी माग, मग ये." तो कशाची माफी मागणार होता? तो माघारी गेला. मी आत बसून हे ऐकत होतो. उठून दार उघडायला मला दहा पावलंसुद्धा टाकावी लागली नसती.

अकरा वर्षं भावा-बहिणीत शब्द नाही. मग ती आजारी पडली. शेवटच्या आठवड्यात तो इस्पितळाच्या पायऱ्यांवर उभा असलेला मी पाहिला. पिशवीत काहीतरी आणलं होतं त्याने. दोघं भेटली तर बोलणार, आणि बोलली तर सगळं बाहेर येणार, या भीतीने मी मान खाली घालून त्याच्या शेजारून वर गेलो. त्याला "ये" म्हणालो नाही. हिने विचारलं, "कोणी आलं होतं का?"

मी म्हणालो, "नाही."

थेंब पुसले तो एका दुपारचा मूर्खपणा म्हणता येईल. हे "नाही" मी पूर्ण शुद्धीत म्हणालो, आजच्याइतक्याच. याचं मला जे वाटतं ते लिहायला माझ्याकडे शब्द नाहीत. मला फार वाईट वाटतं, एवढंच लिहितो.

कलम ५. जाहीर करणं.

कलम ४ मधला मजकूर माझ्या मुलीने शाळेत नेऊन मुख्याध्यापकांना वाचून दाखवावा. आधीच्या बाई आता नाहीत, तरी वाचावा. रंगाच्या दुकानाच्या मालकालाही ऐकवावा, आणि एक प्रत गाळ्याच्या दारावर महिनाभर चिकटवून ठेवावी. मुलाने याला लाजू नये. लाजायचं काम माझं होतं आणि ते मी वेळेवर केलं नाही.

कलम ६. उरलेलं.

वर न आलेलं, किंवा काही कारणाने ज्याला दिलं त्याच्याकडे न गेलेलं, सर्व काही मुलीला.

सही करण्यापूर्वी.

या मृत्युपत्राचं बघणाऱ्या वकीलबाई म्हणाल्या होत्या की ज्यांना काही मिळतं त्यांना मजकूर आधी दाखवायची गरज नाही. तरी मी मेहुण्याला निरोप पाठवला. मेल्यावर खरं बोलण्यात कसली मर्दुमकी? तो आज सकाळी आला, तेव्हा सह्यांसाठी वकीलबाई आणि डॉक्टर येऊन बसले होते. चोवीस वर्षांनी त्याने या घरात पाऊल ठेवलं. मुलीने त्याला पाणी दिलं, त्याने चष्मा पुसला आणि उभ्यानेच पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं वाचलं. कलम ४ त्याने दोनदा वाचलं. मग कागद टेबलावर ठेवले.

"ताईला सांगायला हवं होतंत," तो म्हणाला.

"हो."

"मला दुकानात उभं राहण्याचं काही नाही भाऊजी. सवय झाली. पण ती गेली ती मला खोटा समजून गेली. आता गाळा घेऊन मी काय करू?"

मी म्हणालो, "तो तुझाच होता."

त्याने वकीलबाईंना विचारलं, "साक्षीदार कोण आहेत?"

"एक डॉक्टर. दुसरे शेजारचे येतायत. तुम्ही मात्र सही करू नका हं, साक्षीदाराला मृत्युपत्रात जे दिलंय ते त्याला मिळत नाही. तेवढं कलम रद्द होतं."

"असं आहे का?" तो म्हणाला आणि त्याने खिशातलं पेन काढलं. "मग शेजाऱ्यांना नका त्रास देऊ."

मी त्याला नको म्हणालो. मुलगीही म्हणाली, "मामा, असं नका करू." वकीलबाईंनी त्याला पुन्हा नीट समजावून सांगितलं. त्याने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि पेनाचं टोपण उघडंच ठेवलं. त्याने मला माफ केलं की नाही हे मी विचारलं नाही. ते विचारायचं तोंड माझ्याकडे नाही.

त्यामुळे गाळा कलम ६ प्रमाणे मुलीकडे जाईल. तरीही कलम ४ खोडू नये, पुन्हा लिहून काढू नये. ते जसं आहे तसं राहू द्यावं, आणि कलम ५ प्रमाणे वाचावं.

हे सर्व मी वाचलं, समजलं आणि माझ्या इच्छेने खाली सही केली. साक्षीदारांनी माझ्यासमोर आणि एकमेकांसमोर सह्या केल्या.

लिहून देणार: (सही)
ठिकाण: राहतं घर, पुढची खोली
दिनांक: अकरा फेब्रुवारी, सकाळी साडेअकरा

साक्षीदार पहिले: (सही)
लिहून देणाऱ्याचे डॉक्टर. व्यवसाय: वैद्यकीय.

साक्षीदार दुसरे: (सही)
लिहून देणाऱ्याच्या पत्नीचा धाकटा भाऊ. व्यवसाय: (मी लिहिलेले "रंगाच्या दुकानात नोकरी" हे शब्द खोडून, त्याच्या अक्षरात) लाकडी जमिनी बसवणे. खालचं काम.