आमच्या घरात हँडब्रेक ओढत नाहीत

१५ एप्रिल, सोमवार

गाडी नापास! मागचा उजवा ब्रेक धरत नाही, मागचा डावा धरला की सोडत नाही. आणि हँडब्रेक नावापुरता. तपासणी केंद्रातल्या बाईनं मागची चाकं ब्रेक तपासायच्या रोलरवर घेतली, हँडब्रेक ओढला, काट्याकडे बघितलं, पुन्हा ओढला. मग आमच्याकडे अशी बघायला लागली, जणू आम्ही तिच्या टेबलावर गेल्या आठवड्यातला मासा आणून ठेवलाय.

"हा शेवटचा कधी ओढला होता?"

काय सांगणार? आमच्या घरात हँडब्रेक ओढत नाहीत. हिवाळ्यात ओढून ठेवला तर गोठतो आणि सकाळी चाक हलत नाही, हे इथलं शेंबडं पोरसुद्धा जाणतं. गाडी गिअरमध्ये टाकायची आणि घरात जायचं. ठीक. पण बाकीचं जग बर्फ वितळलं की पुन्हा ओढायला लागतं. आमचे बाबा? "सवय मोडायची कशाला?" जुलैतसुद्धा नाही! न वापरलेली वस्तू झिजत नाही, हे त्यांचं तत्त्वज्ञान. झिजत नाही, बाबा. गंजते.

महिन्याच्या आत दुरुस्त करून आणा, नाहीतर रस्त्यावर आणू नका — बाई.

"रोलर खराब असणार" — बाबा. नुर्मेस शहराहून घरापर्यंत एवढंच बोलले.

१६ एप्रिल

मार्युतला कळलं. सांगितलं कुणी? बाबांनीच! फोनवर हवापाण्याच्या गप्पांत सहज सांगून टाकलं, जसं कुणी सर्दी झाल्याचं सांगतं.

मग माझ्या या धाकट्या बहिणीचा मला फोन. आवाजात मध. "बरंच झालं, हिल्का. गाडी नाही तर त्या घरात राहायचं कसं? दुकान कुठे, डॉक्टर कुठे! आणि शाळेच्या सुट्टीत तर बससुद्धा नाही." कुओपिओ शहरात तिच्या घराजवळ म्हाताऱ्यांसाठी इमारत आहे. तळमजल्याची खोली. नर्स आहे. बुधवारी बिंगो आहे!

मी म्हटलं, बाबांना बिंगो खेळायला लावणं म्हणजे अस्वलाला विणकाम शिकवणं.

मग तिनं अट घातली. गाडी पास झाली तर पुढच्या वसंतापर्यंत ती तोंड उघडणार नाही. नापास झाली तर बाबा कुओपिओला. मी रागाच्या भरात "चालेल" म्हणून बसले. एक्क्याऐंशी वर्षांच्या माणसाचं घर मी ब्रेकच्या दोन गंजक्या कॅलिपरवर टांगलं! मार्युत लहानपणीही पैज लावल्याशिवाय भांडी घासत नसे. आणि मी दर वेळी हरत असे.

१७ एप्रिल

दुसरी गाडी? "ही माझ्याआधी मरायची नाही. मग दुसरी कशाला?" — बाबा.

नुर्मेसचं गॅरेज? "परका माणूस माझ्या गाडीची चाकं काढणार नाही."

मग काढणार कोण? बाबांचे गुडघे वाकत नाहीत. म्हणजे मीच. शनिवारच्या पेपरात सदर लिहून तालुक्याची कातडी सोलणारी बाई आता गंज सोलणार. शेजारचा वेय्यो कुंपणावरून ओरडलाच — "काय गं, या आठवड्यात सदरात आम्ही नाही वाटतं? स्वतःच्याच गाडीवर लिहिणार का?"

१९ एप्रिल, शुक्रवार

चाक निघालं. निघालं कसलं, लाथा घालून काढलं. आत जे दिसलं त्याला कॅलिपर म्हणवत नाही. हा खरं तर लोखंडी चिमटा. पेडल दाबलं की तेलाच्या जोरावर आतला पिस्टन पुढे येतो, आणि चिमटा डिस्कला दोन्हीकडून आवळतो. आमचा चिमटा तळ्याच्या तळातून काढल्यासारखा. इथल्या रस्त्यांवर मिठाचा मारा होतो आणि तो सगळा आमच्याच चाकात येऊन साठतो.

बाबा उलट्या क्रेटवर बसून काठीनं दाखवत होते. "तो नाही. तो. अगं तो नव्हे, त्याच्या मागचा!" काठीचं टोक माझ्या कानाशी. चिमटा ज्या पिनांवर मागेपुढे सरकतो त्यांतली एक हलेचना. मी हातोडी मारली.

"हळू मार. ते लोखंड आहे, बटाटा नाही."

"मग तुम्ही मारा!"

"मी मारली असती तर एव्हाना निघाली असती."

मी हातोडी खाली ठेवली, घरात गेले आणि स्वयंपाकघराच्या मधोमध उभं राहून मोठ्यानं शिव्या दिल्या. सगळ्या. आईला माहीत नव्हत्या त्यासुद्धा. परत आले तर पिन निघालेली. बाबा क्रेटवर, तसेच. कसं काढलं? "जरा बोललो तिच्याशी."

डोक्यात तिडीक गेली!

२० एप्रिल

सौनात, घामाच्या वाफेच्या खोलीत, बसून नखं घासली. काळीच.

२३ एप्रिल, मंगळवार

आज मी गाढवपणा केला, आणि दोष बाबांचा.

डिस्कवर दाबणारे नवे पॅड बसवायचे तर पिस्टन आत ढकलावा लागतो. मी सुताराचा शिकंजा लावला आणि आवळत गेले. पुढच्या चाकांना असंच करतात, मी पाहिलंय. पिस्टन हटेना. मी आणखी आवळला. मार्युतचा चेहरा डोळ्यांसमोर आणला आणि आणखी आवळला. आतून काहीतरी कट्‌ झालं, आणि पिस्टनभोवतीचं रबर फाटून लोंबायला लागलं.

"फिरवायचा असतो." बाबा, क्रेटवरून, शांतपणे. "मागचा पिस्टन. हँडब्रेकचा स्क्रू आत असतो ना. फिरवत फिरवत आत घ्यायचा."

"हे आत्ता सांगताय?"

"तू विचारलंस कुठे?"

विचारलं कुठे! काठीनं कान फोडेपर्यंत सूचना चालू होत्या. कुठला बोल्ट, कुठला पान्हा, फडकं कुठं ठेव! आणि ही एकच गोष्ट, जी खरोखर सांगायची होती, ती पोटात! हा आख्खा माणूस असाच आहे. हवामानाविषयी तासभर बोलेल. आई आजारी आहे हे आम्हाला सांगितलं तेव्हा तिचं ऑपरेशन होऊन गेलं होतं.

उजवा कॅलिपर मेला. आतला स्क्रूच गेला. दुसरा मागवला. दुसरा म्हणजे जुनाच, पण उघडून नीट केलेला. बसनं येईल.

२५ एप्रिल

गुरुवार, म्हणजे वाटाण्याचं सूप. मोहरीची चटणी द्या, एवढंच बोलणं. तेही मीच.

१ मे, बुधवार

मे दिनाचा सण. सगळा देश आज गॉगल लावून, फुगे घेऊन, गोड डोनट खात हिंडतोय. मी गाडीखाली. उजवा कॅलिपर बसला. डाव्याचा पिस्टन फिरवून, बाबांच्या शब्दांत "माणसासारखा", आत गेला. डाव्या कॅलिपरवरची हँडब्रेकची दांडी अजून अडते. ओढली तर ओढली जाते, सोडली तर परत येत नाही. दारू सोडायचं वचन दिलेल्या माणसासारखी.

वेय्यो बायकोनं केलेलं सिमा, सणाचं लिंबाचं पेय, घेऊन आला, बाटली कुंपणावर ठेवली, आणि डोकावून बाबांना म्हणाला,

"तौनो, पोरीला कामाला लावलंस!"

"पोरगी कसली, पन्नाशी उलटलीय तिची."

"मग तर जपून वापर. जुन्या मालाचे पार्ट मिळत नाहीत."

दोघं इतके हसले की क्रेट डुगडुगलं. मी पान्हा फेकला. लागला नाही. दुर्दैव.

४ मे, शनिवार

डावा परत अडकला! गाडी अंगणात पुढेमागे केली, उतरून चाकाला हात लावला तर चुलीसारखं तापलेलं. पुन्हा सगळं काढलं. पिना रबरात अशा रुतलेल्या की पकडीनं ओढाव्या लागल्या. रबर जळूसारखं फुगलेलं.

मी विचारलं, या पिनांना ग्रीस कुठलं लावलं? (मी कॉफी करायला गेले होते तेव्हा यांनी "मदत" केली होती.) बाबांनी शेल्फावरचा डबा दाखवला. ट्रॅक्टरचं ग्रीस! मी शहरातून ब्रेकचं म्हणून वेगळी ट्यूब आणली होती. ती शेजारीच, टोपणसुद्धा न उघडलेली.

"ट्यूबवर लिहिलंय ना, रबराला चालेल असं! हे ट्रॅक्टरचं रबर खातं!"

"ट्रॅक्टर तर चालतोय."

"ट्रॅक्टरला कॅलिपर आहेत का, बाबा?"

मी ओरडले. म्हटलं, तुम्हाला कुओपिओलाच जायचंय का? तसं असेल तर सरळ सांगा, मी इथे गुडघे कशाला फोडून घेऊ? बाबांनी डबा शेल्फावर ठेवला, कडेला नीट सरकवून, आणि घरात गेले. पाठ ताठ. पण दाराची कडी त्यांना पहिल्या फटक्यात सापडली नाही.

आता यावर राग कुणाचा करू?

५ मे

माझाच. पण थोडा वेळ. मग पुन्हा त्यांचा.

८ मे, बुधवार

नवी रबरं, योग्य ग्रीस. पिना बोटानं सरकतात! दांडीही तेल पाजून पाजून सुटली. राहिली ब्रेकची एअर काढायची. नळीत हवा राहिली तर पेडल पावासारखं दबतं. मी खाली, स्क्रूशी. बाबा वर, पेडलशी.

"दाबा!"

"दाबलं."

"धरा!"

"काय?"

"धरा! धरून ठेवा!"

"सोडू?"

"नका सोडू!"

सोडलं. ब्रेक ऑइल माझ्या बाहीत, हवा परत नळीत. पुन्हा. पुन्हा सोडलं. ऐकण्याचं यंत्र कानात घालत नाहीत, कारण "त्यातून सगळं ऐकू येतं". शेवटी मी गाडीच्या पत्र्यावर ठोकायला लागले. एक ठोका दाबा, दोन ठोके सोडा. सुरळीत झालं! आयुष्यभर शब्द वाया घालवले. या माणसाशी पत्र्यावरूनच बोलायला हवं होतं.

पेडल आता दगड. बाबा वरून म्हणाले, "बरं झालंय."

मी खाली पडल्यापडल्या ऐकलं. त्यांच्या तोंडून "बरं" म्हणजे दुसऱ्याच्या तोंडचं भाषण. राग मानायला कारण सापडेना. फार चुकल्याचुकल्यासारखं वाटलं.

१२ मे, रविवार, मातृदिन

मार्युत आली. तिघांनी आईच्या थडग्यावर फुलं ठेवली, मग घरी केक. अंगणात गाडी चाकांसकट उभी बघून तिच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. तरी हसली.

"मंगळवारी बघूच. रोलर काही हिल्काच्या सदराला घाबरत नाही."

मी म्हटलं, रोलर तुझ्यापेक्षा प्रामाणिक आहे.

मग जुंपली. बाबा मध्ये बसलेले, केकचा तुकडा काट्यानं कापत. मी म्हटलं, तुला बाबा नकोयत, तुला तुझी काळजी मिटवायचीय. ती उठून उभी राहिली आणि म्हणाली —

"आणि तुला? तुला बाबांना इथे ठेवायचंय, कारण ते गेले तर हे घर विकावं लागेल. नवऱ्यानं तोंडावर दार लावल्यावर तुला दुसरं कुठलं दार आहे? त्यांच्या नावावर तू राहतेयस इथे!"

ते खोटं नव्हतं. सगळं खरंही नव्हतं. पण खोटं नव्हतं.

बाबा म्हणाले, "मार्युत, केक घे." मग माझ्याकडे वळून, "तूही."

यंत्र कानात होतं. आज चर्चला म्हणून घातलं होतं.

१४ मे, मंगळवार

पास! पास! पास!

तीच बाई. हँडब्रेक ओढला, काटा दोन्ही बाजूंना सारखा चढला. तिनं पुन्हा ओढून बघितला, विश्वास बसेना. "कुठल्या गॅरेजनं केलं?" बाबा माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "तिनं. मी पेडल दाबलं."

येताना दुकानासमोरच्या चढावर गाडी उभी केली. मार्युतला फोन लावला, उचलला नाही. उचलणार कशी! निरोप ठेवला — दोन्ही चाकं, सारखी, बिंगो! पुढच्या वसंतापर्यंत तोंड बंद. इतकं गोड मी गेल्या हिवाळ्यापासून काही खाल्लं नव्हतं.

१६ मे, गुरुवार

सकाळी मी जिन्यात होते. खाली बाबा मार्युतशी फोनवर.

"हो, पास झाली. ... ऐक तर. ती तळमजल्याची खोली अजून आहे का? ... नाही, हिल्का काही म्हणाली नाही. ... घर कशाला विकायचं? घरात हिल्का आहे ना. गाडी पण तिलाच. ... अगं, रडतेस काय! आता कुणी हाकलत नाहीये. म्हणून तर येतो म्हणतोय."