रंग ओला आहे

३ तारीख

रोजनिशी लिहिण्याची मला हौस नाही. नियम आहे म्हणून लिहिते. या कार्यालयात नव्याने रुजू होणाऱ्याने घरी, आपल्या साध्या भाषेत रोजनिशी ठेवायची. म्हणजे आज कोणता दिवस, हे ज्याचं त्याला कळतं. सरकारी कागदावर क्रियापद जसं पडेल तसा काळ वागतो, हे सगळेच शाळेत शिकतात. पण मी जन्मभर मुलींच्या वह्या तपासल्या; सरकारी कागदाशी संबंध आला नाही. आता निवृत्तीनंतर मसुदा तपासनीस म्हणून आले, कारण लेक याच गावात असते आणि तिला नववा महिना लागलाय.

जागा छान आहे. खिडकीशी टेबल, चांगला दिवा, लाल शाईची दौत. जिन्यात एक रंगारी भिंत रंगवतोय. त्याला वळसा घालताना बाहीला रंग लागला. लागतोच सगळ्यांना, म्हणाला. संध्याकाळी जावई न्यायला आला तो बाहीकडे बघून म्हणाला, सासूबाईंनी पहिल्याच दिवशी रंग दाखवला. लेक पोट धरून हसली. बरं वाटलं.

६ तारीख

इथल्या मसुद्यांची भाषा म्हणजे चिखल आहे. 'झाले' हा शब्द औषधाला सापडत नाही. पूल बांधला जात आहे, चौकशी सुरू आहे, अर्ज विचाराधीन आहे. हेडक्लार्कला जाब विचारला. तो कागदातून मानही वर न काढता म्हणाला, "बाई, 'झालं' लिहिणाऱ्याला धरतात. 'होत आहे' लिहिणाऱ्याला कोण धरतो?" बाकीचे हसले. मला हसू आलं नाही.

रंगारी अजून त्याच पट्ट्यावर आहे. हे काम मुळात त्याच्या वडिलांचं, असं तो सांगत होता. मी म्हटलं, मग हात जरा भरभर चालवा.

९ तारीख

लेकीला पहाटे कळा सुरू झाल्या. जावयाने सरकारी दवाखान्यात नेलं. तिथला रोजचा अहवाल दुपारी रीतीप्रमाणे माझ्याच टेबलावर आला. नर्सने गिचमिड अक्षरात लिहिलं होतं, 'कळा. संध्याकाळपर्यंत मोकळी होईल.' असले अंदाज सरकारी कागदात चालत नाहीत. लाल रेघ मारली, स्वच्छ अक्षरात 'प्रसूती सुरू आहे' असं लिहिलं आणि सही केली. लेकीचं नाव माझ्या हातचं किती नीट दिसत होतं. शिक्का बसला. आज आजी होऊनच झोपायचं.

१० तारीख

अजून नाही.

१२ तारीख

एकच कळ आहे. तीच. येते आहे आणि ओसरत नाही. डॉक्टर म्हणतात, बाळाचे ठोके नीट आहेत, सगळं नीट आहे, फक्त पुढे सरकत नाही. लेकीने माझं मनगट धरलं होतं, ते काळंनिळं पडलंय.

कागद बदलायला गेले. हेडक्लार्क म्हणाला, 'झाली' लिहायला डॉक्टरांचा दाखला जोडावा लागतो. डॉक्टरांकडे गेले. ते म्हणाले, झाल्याशिवाय दाखला कसा देऊ? पुन्हा हेडक्लार्क. पुन्हा डॉक्टर. दोघेही सभ्य. दोघांचंही नियमाने बरोबर. डोकं आपटायचं म्हटलं तर भिंतही ओली.

१५ तारीख

जावई माझ्याशी बोलत नाही. नर्सने आपण मुळात काय लिहिलं होतं, ते त्याला सांगितलंय. मोकळी होईल. संध्याकाळपर्यंत.

आज सगळे जेवायला गेल्यावर मी अहवाल काढला आणि 'प्रसूती झाली' असं लिहिलं. शाई कागदावर ठरेना. थेंब होऊन घरंगळली, पुसल्यासारखी. तीनदा लिहिलं. दाखल्याशिवाय धरतच नाही.

लेक दिवसभरात एकदाच बोलली. "आई, तूच लिहिलंस ना? मग तूच संपव ना गं."

१६ तारीख

जिन्यात थांबले. रंगाऱ्याला विचारलं, वडील कुठे असतात. घरी, म्हणाला. जेवतात, झोपतात. ब्रश त्याने त्यांच्या हातातून आपल्या नावावर घेतला. केव्हा, ते आठवेना. हसला. दात नाहीत त्याला. पहिल्या दिवशी मी पाहिलंच नव्हतं —

हेडक्लार्कला धरलं. हो, म्हणाला, चालू नोंद बंद करता येत नाही; दुसऱ्याच्या नावे वर्ग करता येते. काम बदललं तरी चालतं, चालू राहिलं म्हणजे झालं. आधी का सांगितलं नाही? म्हणाला, तुम्ही विचारलं नाहीत.

काम मी निवडायचं. रात्रभर विचार — रंगवणं नको. वाट पाहणं नको. कळ तर —

कार्यभार सोपवणे. हे घेते. निदान काहीतरी देत राहीन.

१७ तारीख

सही केली. शाई धरली.

जावई धावत आला. मुलगी. दोघी सुखरूप. दाखला हातात, हसतोय, रडतोय, सासूबाई चला म्हणतोय. मला खुर्चीवरून उठता —

तारीख —

सोपवलं ते असं. हेडक्लार्ककडे: शिक्का, दौत, कपाटाची किल्ली. जावयाकडे: घराची किल्ली. त्याने माझे हात धरले होते. बोलला माझ्याशी. लेकीकडे: तिचं बाळ. ते तिचंच होतं, तरी माझ्या हातून दिलं — एवढं मिळालं मला.

राहिलं काय — ही वही. पेन.

पेन नातीकडे. हात पुढे करून उभी आहे टेबलापाशी. पाठीला दप्तर. पुढचा दात पडलाय — कालच तर जन्मली —

आजी, दे ना, म्हणते. बाहीला रंग लागलाय तिच्या.

देते आहे. धर. बोटं सुटत नाहीत — देते आहे गं — देते —