गोजरचं वय

सोलापूर, एप्रिल १९७६

अंबूताईस, धाकट्या जोतीरामचा नमस्कार.

मला अटक होणार न्हाय. आज कोर्टानं अटकपूर्व जामीन दिला. मामानं दुसरीकडं लग्न लावायला भाची गोजर पळवली, अशी दाजींची फिर्याद. मला वाटलं, मिलची नोकरी गेली.

दाजी कडक इस्त्रीचं धोतर नेसून आले होते. जज्जसाहेबांनी विचारलं, "मुलगी किती वर्षांची?"

"बाराची, साहेब. अजाण लेकरू हाय. लग्नातलं तिला काय कळतंय?"

माझ्या वकिलानं मंगळवेढ्यात छापलेली गोजरची लग्नपत्रिका पुढं ठेवली. निमंत्रक दाजीच. साहेबांनी ती दोनदा वाचली. "मग हे लग्न कुणाचं?"

दाजींनी धोतराचा सोगा सावरला. मग म्हणाले, "लग्नापुरती सोळाची धरली होती, साहेब."

शिपाईसुद्धा हसला. साहेब हसले न्हाईत. हे लग्न लावलं तर खटला तुमच्यावर, असं त्यांनी दाजींना बजावलं.

शेवटी मला विचारलं, "मुलीला एस्टीत कुणी बसवलं?"

मी म्हणालो, "एकटीच आली." बाजूला उभ्या गोजरनं मान खाली घातली, पण तुझं नाव घेतलं न्हाय.

ताई, हे पत्र मी टाकणार न्हाय. तुला आलेलं पत्र दाजीच वाचून दाखवतात की.

तुझा,
जोतीराम